धनराज पिल्ले यांची कारकीर्द आणि भारतातील व्यावसायिक हॉकी

धनराज पिल्ले (जन्म : १६ जुलै १९६८, खडकी, पुणे) हे भारताचे माजी हॉकीपटू आणि राष्ट्रीय संघाचे माजी कर्णधार आहेत. डिसेंबर १९८९ ते ऑगस्ट २००४ या काळात ते आघाडीच्या फळीत भारताकडून ३३९ आंतरराष्ट्रीय सामने खेळले. चार ऑलिंपिक, चार विश्वचषक, चार चॅम्पियन्स करंडक आणि चार आशियाई क्रीडा स्पर्धांमध्ये त्यांनी देशाचे प्रतिनिधित्व केले. त्यांना १९९५ मध्ये अर्जुन पुरस्कार व १९९९-२००० या वर्षासाठी राजीव गांधी खेलरत्न पुरस्कार मिळाला, तसेच पद्मश्रीने त्यांचा सन्मान झाला.

पिल्ले यांची कारकीर्द भारतीय हॉकीच्या एका विशिष्ट कालखंडात पूर्णपणे सामावलेली आहे. १९८० च्या मॉस्को ऑलिंपिकमधील सुवर्णपदकानंतर २०२१ मध्ये टोकियो येथे कांस्यपदक मिळेपर्यंत भारताला हॉकीत ऑलिंपिक पदक मिळाले नाही. या ४१ वर्षांच्या मधल्या पंधरा वर्षांत पिल्ले खेळले. याच काळात देशांतर्गत व्यावसायिक लीग, लेखी करार आणि खेळाडूंची संघटना यांपैकी काहीही अस्तित्वात नव्हते. त्यामुळे एका खेळाडूच्या यशापयशाबरोबरच व्यवस्थेच्या उणिवांचा अभ्यास म्हणूनही या कारकिर्दीकडे पाहिले जाते.

प्रारंभिक जीवन आणि खडकीची परंपरा

पिल्ले यांचा जन्म खडकी येथील एका तमिळ कुटुंबात झाला. त्यांचे वडील मैदानाच्या देखभालीचे काम करीत आणि कुटुंब आयुधनिर्माणीच्या कर्मचारी वसाहतीत राहत असे. भावंडांपैकी अनेकजण हॉकी खेळत. नवी स्टिक घेण्याची ऐपत नसल्याने मोडक्या स्टिक बांधून आणि टाकून दिलेले चेंडू वापरून ही मुले सराव करीत.

खडकीत हॉकी रुजण्यामागे छावणीचा इतिहास आहे. ब्रिटिश काळापासून येथे लष्करी छावणी, दारूगोळा कारखाना आणि बॉम्बे सॅपर्सचे केंद्र आहे. लष्करी तुकड्या आणि कारखान्यांच्या संघांमुळे मैदाने, सामने आणि प्रेक्षक एकाच ठिकाणी उपलब्ध झाले. नोकरीनिमित्त येथे आलेल्या तमिळ, तेलुगू व अन्य भाषक कुटुंबांच्या पुढच्या पिढ्या याच मैदानांवर वाढल्या. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकमधील सुवर्णपदक विजेत्या संघातील बाबू निमल हे खडकीचेच होते. पिल्ले यांच्यानंतर विक्रम पिल्ले यांनीही २००४ च्या अथेन्स ऑलिंपिकमध्ये भारताचे प्रतिनिधित्व केले.

पुणे जिल्ह्याच्या ग्रामीण भागात मात्र असे चित्र नव्हते. शिरूर, दौंडसारख्या तालुक्यांतील गावांत यात्रेचा आखाडा आणि कबड्डीचे मैदान हीच खेळाची परंपरागत केंद्रे राहिली. दोन्हींसाठी मोकळी माती पुरेशी असते. हॉकीला सपाट मोठे मैदान आणि साहित्य लागते. १९७६ च्या माँट्रियल ऑलिंपिकपासून कृत्रिम हिरवळ आल्यावर हा खर्च आणखी वाढला. परिणामी जिल्ह्यातील हॉकी प्रामुख्याने छावणी आणि कारखान्यांच्या परिसरापुरती मर्यादित राहिली.

नोकरीवर आधारलेली व्यवस्था

१९८० च्या दशकाच्या मध्यास पिल्ले मुंबईला गेले. त्यांचे थोरले भाऊ रमेश तेथे राष्ट्रीय केमिकल्स अँड फर्टिलायझर्सच्या संघातून खेळत होते. भावाच्या मार्गदर्शनाखाली आघाडीपटू म्हणून त्यांची घडण झाली. पुढे ते महिंद्र अँड महिंद्र संघात दाखल झाले. तेथे त्यांना ऑलिंपिकपटू जोकिम कार्व्हालो यांचे प्रशिक्षण लाभले. त्यानंतर ते इंडियन एअरलाइन्सच्या सेवेत गेले.

त्या काळच्या भारतीय हॉकीची आर्थिक रचना या प्रवासावरून स्पष्ट होते. रेल्वे, विमान कंपन्या, पोलीस, लष्कर, बँका आणि मोठे कारखाने खेळाडूंना नोकरी देत. खेळाडूला वेतन, रजा आणि पदोन्नती मिळे व त्या बदल्यात तो संस्थेच्या संघातून अखिल भारतीय स्पर्धांत खेळे. या व्यवस्थेचा मोठा लाभ म्हणजे निवृत्तीनंतरही उपजीविका टिकत असे. तिची मर्यादा अशी की मोबदल्याचा संबंध मैदानावरील कामगिरीशी नव्हता. खेळाडू संस्थेचा कर्मचारी होता आणि राष्ट्रीय संघटनेच्या दृष्टीने शिबिरापुरता बोलावलेला उमेदवार होता. राष्ट्रीय संघात खेळण्याचा कोणताही लेखी करार नसल्याने मानधन, भत्ता, दुखापतीतील संरक्षण आणि निवडीचे निकष यांबाबत त्याला दाद मागण्याची जागा नव्हती.

आंतरराष्ट्रीय कारकीर्द

पिल्ले यांनी १९८९ मध्ये नवी दिल्ली येथील आशिया चषकाद्वारे आंतरराष्ट्रीय पदार्पण केले. वेगवान धाव, चेंडूवरील ताबा आणि प्रतिस्पर्ध्यांना चकवत पुढे घुसण्याची शैली यांमुळे ते लवकरच ओळखले जाऊ लागले. मोहम्मद शाहिद हे त्यांचे आदर्श होते. १९९४ च्या सिडनी विश्वचषकानंतर निवडलेल्या जागतिक संघात स्थान मिळवणारे ते एकमेव भारतीय होते.

प्रमुख स्पर्धांमधील त्यांचा सहभाग आणि भारताचे स्थान असे :

• ऑलिंपिक : १९९२ बार्सिलोना (सातवे), १९९६ अटलांटा (आठवे), २००० सिडनी (सातवे), २००४ अथेन्स (सातवे)
• विश्वचषक : १९९० लाहोर (दहावे), १९९४ सिडनी (पाचवे), १९९८ उट्रेख्ट (नववे), २००२ क्वालालंपूर (दहावे)
• आशियाई क्रीडा स्पर्धा : १९९० बीजिंग (रौप्य), १९९४ हिरोशिमा (रौप्य), १९९८ बँकॉक (सुवर्ण), २००२ बुसान (रौप्य)
• चॅम्पियन्स करंडक : १९९५, १९९६, २००२, २००३

ही यादी दोन प्रकारे वाचता येते. आशियात भारत सातत्याने अंतिम फेरीत पोहोचत होता. जागतिक पातळीवर मात्र तो पाचव्या ते दहाव्या स्थानांदरम्यान अडकून राहिला. सिडनी ऑलिंपिकमध्ये पोलंडविरुद्ध अखेरच्या क्षणी गोल स्वीकारल्याने सामना १-१ असा बरोबरीत सुटला आणि उपांत्य फेरीची संधी गेली. २००२ च्या विश्वचषकात स्पर्धा चालू असतानाच प्रशिक्षक सेड्रिक डिसूझा यांना हटवण्यात आले. त्याच वर्षी कोलोन येथील चॅम्पियन्स करंडकात भारत चौथा आला आणि पिल्ले स्पर्धेतील सर्वोत्तम खेळाडू ठरले. तेव्हा त्यांचे वय ३४ वर्षे होते. २००३ मध्ये त्यांच्या नेतृत्वाखाली भारताने क्वालालंपूर येथे अंतिम सामन्यात पाकिस्तानला ४-२ असे हरवून प्रथमच आशिया चषक जिंकला. अथेन्स ऑलिंपिकनंतर त्यांची आंतरराष्ट्रीय कारकीर्द थांबली.

बँकॉकचे सुवर्णपदक आणि त्यानंतरची वगळणूक

डिसेंबर १९९८ मध्ये बँकॉक येथे पिल्ले यांच्या नेतृत्वाखाली भारताने दक्षिण कोरियाला टायब्रेकरमध्ये नमवून आशियाई सुवर्णपदक जिंकले. गोलरक्षक आशिष बल्लाळ यांचा बचाव या विजयात निर्णायक ठरला. यापूर्वीचे सुवर्ण १९६६ मध्ये, बँकॉकमध्येच मिळाले होते. ३२ वर्षांनी आलेल्या या यशानंतर पिल्ले आणि अन्य सहा ज्येष्ठ खेळाडूंना पुढील मालिकेसाठी संघातून वगळण्यात आले.

ज्येष्ठांना विश्रांती देण्यात आली, असे संघ व्यवस्थापनाचे अधिकृत स्पष्टीकरण होते. मात्र अपुरे मानधन, तोकडा दैनंदिन भत्ता आणि सुविधांचा अभाव यांविषयी खेळाडूंनी, विशेषतः पिल्ले यांनी, उघडपणे तक्रार केल्याची ही शिक्षा असल्याचा समज क्रीडा वर्तुळात व्यापक होता. त्या वेळी के.पी.एस. गिल हे भारतीय हॉकी महासंघाचे अध्यक्ष होते. १९९४ पासून २००८ पर्यंत ते या पदावर राहिले.

वगळण्यामागचा हेतू कोणताही असो, या घटनेतून व्यवस्थेतील एक त्रुटी समोर आली. संघनिवड करणारी आणि मोबदला ठरवणारी संस्था एकच होती. मोबदल्याविषयी बोलणाऱ्याची निवड धोक्यात येऊ शकत होती आणि निवडीविरुद्ध अपील करण्याची सोय नव्हती. आशियाई विजेत्या संघाच्या कर्णधारालाही या रचनेत संरक्षण नव्हते. पिल्ले पुढे संघात परतले. सिडनी ऑलिंपिकमध्ये ते रमणदीप सिंग यांच्या नेतृत्वाखाली खेळले.

परदेशी क्लबांमधील खेळ

देशात व्यावसायिक लीग नसल्याने पिल्ले यांनी मोसमामागून मोसम परदेशी क्लबांकडून घालवले. लंडनचे इंडियन जिमखाना, फ्रान्सचा लियॉन, जर्मनीचा स्टुटगार्टर किकर्स, मलेशियातील बँक सिंपानन नॅशनल व टेलिकॉम मलेशिया, ढाक्याचा अबाहानी लिमिटेड आणि हाँगकाँगचा खालसा स्पोर्ट्स क्लब या संघांतून ते खेळले.

युरोप आणि आग्नेय आशियातील क्लब परदेशी खेळाडूंना मोसमापुरते मानधन, निवास आणि प्रवासखर्च देत. भारतीय खेळाडूंसाठी केवळ खेळाच्या बळावर पैसे मिळवण्याचा हा जवळजवळ एकमेव मार्ग होता. त्यातून वेगवेगळ्या शैलींचा अनुभवही मिळे. दुसऱ्या बाजूने राष्ट्रीय शिबिरांच्या तारखा आणि क्लबचा मोसम यांचा मेळ घालण्याची जबाबदारी खेळाडूवरच पडे. पुढच्या पिढीतील मुंबईचे युवराज वाल्मिकी यांनीही जर्मनीतील क्लब हॉकीचा मार्ग निवडला होता.

गोलांच्या नोंदींचा प्रश्न

पिल्ले यांनी भारतासाठी नेमके किती गोल केले, याची विश्वासार्ह अधिकृत नोंद उपलब्ध नाही. भारतीय हॉकी महासंघाने त्या काळात खेळाडूंच्या गोलांची पद्धतशीर आकडेवारी ठेवली नाही. सामान्यतः १७० च्या आसपास ही संख्या सांगितली जाते, परंतु तिची सामनानिहाय पडताळणी करता येत नाही.

ही बाब केवळ अभ्यासकांच्या सोयीची नाही. व्यावसायिक खेळात आकडेवारी हा करारातील वाटाघाटीचा पाया असतो. कामगिरीची नोंदच नसेल तर तिचे मूल्य ठरवता येत नाही आणि निवड योग्य की अयोग्य हेही तपासता येत नाही.

फिनलंडमधील आइस हॉकीशी तुलना

समकालीन तुलनेसाठी फिनलंडचे आइस हॉकीपटू तेमू सेलाने यांचे उदाहरण उपयुक्त आहे. खेळ वेगळा आणि अर्थकारणाचा आकारही वेगळा असला, तरी दोघांचा काळ जवळजवळ एकच आहे. सेलाने यांचा जन्म १९७० मध्ये हेलसिंकी येथे झाला. ते शहरातील योकेरित क्लबमध्ये वाढले. १९८८ मध्ये उत्तर अमेरिकेतील नॅशनल हॉकी लीगच्या निवडप्रक्रियेत विनिपेग जेट्सने त्यांना दहाव्या क्रमांकावर घेतले. १९९२-९३ च्या पहिल्याच मोसमात त्यांनी ७६ गोल केले आणि २०१४ मध्ये निवृत्त होईपर्यंत या लीगच्या नियमित मोसमांतील १,४५१ सामन्यांत ६८४ गोल नोंदवले.

सुमारे ५५ लाख लोकसंख्येच्या फिनलंडमध्ये मुलगा स्थानिक क्लबच्या कनिष्ठ संघातून वरिष्ठ संघात, तेथून देशाच्या प्रमुख लीगमध्ये आणि निवड झाल्यास परदेशातील मोठ्या लीगमध्ये जातो. प्रत्येक टप्प्यावर लेखी करार असतो. उत्तर अमेरिकेतील लीगमध्ये १९६७ पासून खेळाडूंची संघटना आहे. १९९४-९५ मध्ये मालक आणि खेळाडू यांच्यातील वाद चिघळून मोसम लांबला, पण तो वाद दोन संघटनांमधील सामूहिक करारातून मिटला. पिल्ले यांच्यासमोर मानधनाचा प्रश्न चार वर्षांनी उभा राहिला तेव्हा अशी यंत्रणा भारतीय हॉकीत नव्हती. या तुलनेतून दोन खेळाडूंच्या गुणवत्तेतील फरक सिद्ध होत नाही. त्यांच्या पाठीशी असलेल्या संस्थांमधील फरक मात्र दिसतो.

निवृत्तीनंतरचे संघटनात्मक बदल

पिल्ले यांची आंतरराष्ट्रीय कारकीर्द संपल्यानंतर काही महिन्यांतच, जानेवारी २००५ मध्ये, प्रीमियर हॉकी लीग सुरू झाली. पिल्ले या लीगमध्ये मराठा वॉरियर्सकडून खेळले. २००८ मध्ये ही लीग बंद पडली. त्याच वर्षी मार्चमध्ये सँटियागो येथील पात्रता स्पर्धेत ब्रिटनकडून पराभूत झाल्याने भारत ८० वर्षांत प्रथमच ऑलिंपिक हॉकीला मुकला. एप्रिलमध्ये भारतीय ऑलिंपिक संघटनेने हॉकी महासंघाची मान्यता काढून घेतली आणि २००९ मध्ये ‘हॉकी इंडिया’ ही नवी संस्था स्थापन झाली.

संस्था बदलली तरी मोबदल्याचा प्रश्न लगेच सुटला नाही. जानेवारी २०१० मध्ये विश्वचषकाच्या तयारीसाठी पुण्यातील बालेवाडी येथे भरलेल्या शिबिरात कर्णधार राजपाल सिंग आणि सहकाऱ्यांनी थकीत रकमेच्या मागणीसाठी सरावावर बहिष्कार टाकला. काही दिवसांत तडजोड झाली आणि संघ दिल्लीतील विश्वचषकात खेळला. १९९८ च्या प्रसंगाशी तुलना करता येथे दोन फरक दिसतात. मागणी एकट्यादुकट्याची नव्हती, संपूर्ण संघाची होती. तसेच कोणालाही वगळण्याऐवजी संघटनेला वाटाघाट करावी लागली.

२०१२ मध्ये वर्ल्ड सिरीज हॉकी ही लीग झाली. तीत ४३ वर्षांचे पिल्ले कर्नाटक लायन्सकडून खेळले आणि पुणे स्ट्रायकर्स हा संघ अंतिम फेरीत पोहोचला. हॉकी इंडियाची मान्यता नसलेली ही लीग एकाच मोसमानंतर थांबली. त्यानंतर हॉकी इंडिया लीग २०१३ ते २०१७ या काळात चालली व खंडित झाली. ती २८ डिसेंबर २०२४ पासून आठ पुरुष संघांसह पुन्हा सुरू झाली. प्रथमच चार महिला संघांची स्पर्धाही घेण्यात आली. ऑक्टोबर २०२४ च्या लिलावात हरमनप्रीत सिंग यांना ७८ लाख रुपयांची सर्वोच्च बोली मिळाली.

राष्ट्रीय संघांचा पाया २०१८ पासून ओडिशा सरकारच्या प्रायोजकत्वाने भक्कम केला. हे प्रायोजकत्व २०३६ पर्यंत वाढवण्यात आले आहे. केंद्र सरकारच्या ‘टॉप्स’ योजनेतून खेळाडूंना मासिक भत्ता मिळतो. पिल्ले यांचे माजी सहकारी दिलीप तिर्की सप्टेंबर २०२२ मध्ये हॉकी इंडियाचे अध्यक्ष झाले. संघाने टोकियो २०२० आणि पॅरिस २०२४ या लागोपाठच्या ऑलिंपिकमध्ये कांस्यपदके मिळवली. असे सलग यश १९६८ आणि १९७२ नंतर प्रथमच आले. सप्टेंबर २०२५ मध्ये भारताने राजगीर येथे दक्षिण कोरियाला ४-१ असे हरवून आशिया चषकही जिंकला.

महाराष्ट्रातील सद्यःस्थिती

या पुनरुज्जीवनात महाराष्ट्राचा वाटा मर्यादित आहे. पुरुष संघातील राज्याचे अलीकडचे ऑलिंपिकपटू म्हणजे रिओ २०१६ मध्ये खेळलेले मुंबईचे देविंदर वाल्मिकी. टोकियो आणि पॅरिस येथील पदकविजेत्या संघांत महाराष्ट्राचा एकही खेळाडू नव्हता. २०२४-२५ च्या हॉकी इंडिया लीगमध्ये दिल्ली, उत्तर प्रदेश, पंजाब-हरियाणा, ओडिशा, पश्चिम बंगाल, तमिळनाडू, तेलंगण आणि आंध्र प्रदेश यांच्याशी निगडित संघ होते. मुंबई किंवा पुण्याचा संघ नव्हता.

मैदानांचा अभाव हे यामागचे एकमेव कारण मानता येत नाही. चर्चगेटचे महिंद्र स्टेडियम, बालेवाडीचे क्रीडा संकुल आणि पिंपरीतील नेहरूनगरचे मेजर ध्यानचंद स्टेडियम येथे कृत्रिम हिरवळ आहे. अडचण या केंद्रांच्या विभागणीची आहे. ती शहरांत आहेत आणि तालुका पातळीवरचा खेळाडू तेथे निवासी प्रशिक्षणाशिवाय पोहोचू शकत नाही. शिवाय कंपन्यांच्या संघांतील नोकऱ्या पूर्वीइतक्या राहिल्या नाहीत आणि त्यांची जागा घेणारा व्यावसायिक संघ राज्यात उभा राहिला नाही. म्हणजे जुनी शिडी मोडली आणि नवी आली नाही.

कबड्डीतील चित्र याच्या उलट आहे. २०१४ पासूनच्या प्रो कबड्डी लीगमध्ये पुणेरी पलटण आणि यू मुंबा असे राज्याचे दोन संघ आहेत. १ मार्च २०२४ रोजी पुणेरी पलटणने अहिल्यानगर जिल्ह्यातील अस्लम इनामदार यांच्या नेतृत्वाखाली विजेतेपद मिळवले. त्यामुळे गावच्या मैदानापासून लिलावापर्यंतचा मार्ग ग्रामीण खेळाडूला प्रत्यक्ष दिसतो. हॉकीतही ग्रामीण गुणवत्ता नाही असे नाही. सातारा जिल्ह्यातील वैष्णवी फाळके या हांगझोऊ येथील आशियाई स्पर्धेत कांस्यपदक मिळवणाऱ्या भारतीय महिला संघात होत्या.

पिल्ले यांच्या निवृत्तीनंतरच्या कामातूनही हीच विसंगती दिसते. गुजरात हे हॉकीचे परंपरागत केंद्र नसताना तेथील क्रीडा प्राधिकरणाच्या हॉकी अकादमीची जबाबदारी त्यांनी सांभाळली.

मूल्यमापन

पिल्ले यांच्या नावावर ऑलिंपिक किंवा विश्वचषकाचे पदक नाही. त्यांच्या कीर्तीचा आधार दीर्घकाळ टिकवलेला दर्जा आणि खेळाडूंच्या हक्कांविषयी घेतलेली उघड भूमिका हा आहे. त्यांच्या स्पष्टवक्तेपणामुळे संघातील शिस्त बिघडली, असा आक्षेप काही प्रशासकांनी घेतला. दुसरे मत असे की तक्रारीची अधिकृत वाट नसल्यामुळेच त्या तक्रारी जाहीर वक्तव्यांच्या रूपाने बाहेर आल्या.

नियमित भत्ता, सामन्यांची नोंद, देशांतर्गत लीग आणि लिलावातून ठरणारे मानधन या गोष्टी आज भारतीय हॉकीत आल्या आहेत. मोबदल्याविषयी बोलणाऱ्या खेळाडूला संरक्षण देणारी मान्यताप्राप्त संघटना मात्र अद्याप बळकट झालेली नाही. तसेच २००५ पासून सुरू झालेल्या तिन्ही लीग कधी ना कधी बंद पडल्या किंवा खंडित झाल्या. त्यामुळे सध्याची लीग किती मोसम सलग टिकते, यावर पुढच्या पिढीतील खेळाडूंची व्यावसायिक सुरक्षितता अवलंबून राहील.